दारावरचा लाल दिवा

आत ती काय बोलते? येणाऱ्या-जाणाऱ्या प्रत्येकाला मी हे मनातल्या मनात विचारलं. उत्तर कुणीच दिलं नाही.

मी एफएम स्टेशनच्या स्टुडिओच्या दारावरचा लाल दिवा. आता भंगाराच्या खोक्यात पडलोय. आतला माइक सुरू झाला की मी लागायचो. मग बाहेरच्यांनी गप्प बसायचं, दार उघडायचं नाही. दार इतकं जाडजूड की आतला शब्द माझ्यापर्यंत येत नसे. अख्खं गाव जिच्या गप्पा ऐकायचं, तिच्या दारावर राहून मी मात्र कोराच.

ती म्हणजे सगळ्यांची ताई. सकाळी इथल्या बोलीत बोलायची, लोकांच्या फर्माइशी लावायची.

तिचा धाकटा भाऊ गॅरेजात कामाला. तिचा डबा घेऊन यायचा आणि समोरच्या बाकावर माझ्याकडे टक लावून बसायचा. मी विझलो की ताई बाहेर. पण धीर त्याच्या अंगात नव्हताच. एकदा मी लागलेला असताना त्यानं दार ढकललं.

"ताई, चल ना, पोटात कावळे ओरडतायत."

ते सगळ्या गावाला ऐकू गेलं. पुढे कितीतरी दिवस लोक फोन करून विचारायचे, "कावळे जेवले का?"

ताईनं त्याचा कान पिळला. "माठ्या, लाल दिवा दिसत नाही?"

"दिसतो की. पण तोच मधेमधे डोळे मिचकावतो."

खरं होतं. माझी तार सैल होती.

मग तापाचं निमित्त झालं आणि ताई गेली. तिच्या जागी कुणी आलं नाही. वरून हुकूम आला, आता बोलणं नको, नुसती गाणी. गाणीही दूरच्या शहरातून, कॉम्प्युटरवरून येऊ लागली. मी लागेनासा झालो. माझ्याखालून दबक्या पावलांनी जाणारे आता मोठमोठ्यानं हसत जायचे. कुणी वर बघायचं नाही.

आज सकाळी स्टुडिओ मोकळा करायचा होता. तंत्रज्ञ काकांनी ताईचा स्वेटर आणि पाण्याची बाटली भावाच्या हातात दिली. तो निघाला नाही. बाकावर बसला.

"काका, एकदा दिवा लावा ना."

"अरे, आत कुणी नाही रे."

"माहितीये. पण तो लागला की ती आत असते."

काकांनी आत जाऊन माइक सुरू केला. मी लागलो.

भाऊ स्वेटर मांडीवर घेऊन बसून राहिला. या वेळी त्यानं दार ढकललं नाही. तेवढ्यात सामान हलवणारे आले. त्यातला एक म्हणाला, "चला, आवरा."

भावानं ओठांवर बोट ठेवलं आणि माझ्याकडे दाखवलं. "हळू. ताई बोलतेय."

माझी सैल तार थरथरत होती. पण तो उठेपर्यंत मी पापणी लवू दिली नाही.