न धुतलेली फिल्म

जानेवारी महिना. फिनलंडमधलं ते सरोवर हिमशुभ्र, हिमस्तब्ध, हिममूक. सूर्य नावालाच उगवायचा. घाईतल्या पाहुण्यासारखा उंबऱ्यावरूनच परत फिरायचा. मग निळा उजेड, मग राखी उजेड, मग नुसतीच राख. भूर्जांच्या पांढऱ्या रानातून वारासुद्धा दबकत जात होता. काठावरच्या घरातलं माणूस नुकतंच गेलं होतं.

याल्मारीची बायको गेली होती. आइली. काळ्याभोर केसांची, मितभाषी, मंदस्मिता. ताप आला काय आणि ती गेली काय, सगळं बघता बघता झालं.

आणि याल्मारी? त्याला काही म्हणजे काही वाटत नव्हतं. त्या देशात हलती चित्रं काढायला आरंभ केला तो ज्या मोजक्या वेड्यांनी, त्यांतला तो एक. शवपेटीभोवती गोतावळा उभा करून शेवटचा फोटो काढायची तिथली रीत. तो फोटोही त्यानंच काढला. कोन जुळवून, चौकट साधून. बायका कुजबुजल्या, "माणूस आहे की धोंडा!" खरंच सांगतो, धोंडाच झाला होता बिचारा.

आइलीची थोरली बहीण लेम्पी दूध-पाव घेऊन आली. "चार घास खाऊन घे रे," ती म्हणाली. मग तिथंच घुटमळली. "अख्खा देश नाचवलास पडद्यावर. माझ्या बहिणीचं एवढंसं तरी हलतं चित्र आहे का तुझ्यापाशी? एकदा तिला चालताना बघू दे मला."

"नाही," तो म्हणाला. आणि त्याला तो पत्र्याचा डबा आठवला.

नवा कॅमेरा आला होता तेव्हाची गोष्ट. अशीच गोठली दुपार, असंच निळं ऊन. काळ्या ओंडक्यांच्या भिंतीपुढे त्यानं नव्या नवरीला उभं केलं, आणि कॅमेऱ्याची मूठ फिरवू लागला. आणि आइली उभीच! निश्चल, निर्निमेष, निःस्पंद. जत्रेतल्या फोटोवाल्यानं लहानपणी बजावलं होतं ना, हलायचं नाही, श्वास रोखायचा, वाफ आली की चेहरा पुसट होतो. बिचारीनं जीव ओतून श्वास रोखला होता. "अगं बाई, चित्र हलतं, म्हणून तर तुला उभी केली!" तो कडाडला. "सगळी फिल्म पाण्यात घातलीस." त्यानं ती फिल्म धुतलीसुद्धा नाही, तशीच पत्र्याच्या डब्यात टाकून दिली. नंतर त्यानं नद्यांवरचे ओंडके टिपले, जत्रा टिपल्या, नटव्या नट्या टिपल्या. आइली मात्र पुन्हा कधी कॅमेऱ्यापुढे आली नाही.

डबा सापडला. इतक्या हिवाळ्यांनंतर त्या फिल्मवर चित्र उरलंय की नाही, देव जाणे. तो सौनात शिरला. सौना म्हणजे त्यांचं वाफेचं न्हाणीघर. पोर जन्मतं तेही तिथंच, आणि मेल्या माणसाला शेवटची आंघोळ घालतात तीही तिथंच. याच लाकडी टबातल्या पाण्यानं लेम्पीनं आइलीला न्हाऊ घातलं होतं. त्याच टबात आता रसायन कालवलं, आणि फिल्म बुडाली. लाल कंदील, तापलेले दगड, काळं पाणी. बघता बघता पाण्यातून एक आकृती उमटली. त्याला आनंद व्हायला हवा होता, झाला नाही.

उलट्या रंगांची ती मूळ फिल्म सरळ करून घ्यायलाही तो थांबला नाही. सुकली तशी चित्र दाखवायच्या यंत्रावर चढवली. बंद पडलेल्या थंडगार गोठ्यात चादर टांगली, लेम्पीला बाकावर बसवलं.

चादरीवर आइली आली. बर्फ काळंकुट्ट, ओंडक्यांची भिंत लख्ख, आणि तिचे काळेभोर केस पांढरेशुभ्र. जे म्हातारपण तिला लाभलं नाही, ते तिच्या माथ्यावर उजळलं होतं. ती उभी होती. उभीच होती. पेटीतल्यासारखी.

"ही तर हलतच नाही रे," लेम्पी म्हणाली, आणि तोंड न लपवता रडली. याल्मारी कोरडाच.

पण हाताची एक खोड असते. "झालं" म्हटल्यावरही तो सवयीनं मूठ आणखी थोडी फिरवायचा, पुढे फिल्मच्या कापाकापीला शेपूट हवं म्हणून. त्या शेपटात आइलीचे खांदे सैलावले. ओठ उघडले. कोंडून ठेवलेला श्वास सुटला. लख्ख भिंतीवर एक काळा, मऊ ढग. आणि ती काहीतरी बोलली.

"काय म्हणाली?" लेम्पी पुढे झुकली.

त्याला ठाऊक होतं. त्या दुपारी त्यानं ऐकलं होतं, आणि उत्तरादाखल तो कडाडला होता. "जमलं का, म्हणाली."

फिल्म संपली. चाक नुसतंच फिरत राहिलं, टक, टक, टक. त्यानं पहिल्यापासून पुन्हा लावली. पुन्हा ती उभी, पुन्हा खांदे सैल, पुन्हा तो काळा श्वास.

"जमलं गं," याल्मारी म्हणाला. थंडीत त्याच्या तोंडून वाफ निघाली, यंत्राच्या झोतात शिरली, पांढरी झाली. त्या वाफेची सावली चादरीवर चढली, काळ्या श्वासापाशी पोचली, त्यात मिसळली. आणि दोन्ही श्वास हळूहळू विरत गेले.