माझ्या पोटातला पोरींचा संघ

मित्रांनो, मी एक जुना मोबाइल आहे. माझ्या काचेला या टोकापासून त्या टोकापर्यंत तडा गेला आहे, पाठीचं झाकण रबरबँडने धरून ठेवलं आहे आणि आवाज बाहेर पडायच्या बारीक भोकांत असाई नावाच्या फळाचा जांभळा रस वाळून बसला आहे. त्यामुळे मला कायमची सर्दी झाली आहे असं ऐकणाऱ्याला वाटतं. वाटू द्या. मी अजून चालतो, आणि म्हाताऱ्यांना असते तशी मलाही बोलायची हौस आहे.

माझा जन्म मनाउसच्या एका कारखान्यात झाला. तिथलं मला फारसं आठवत नाही. पांढरा उजेड आणि हातमोजे घातलेली बोटं, एवढंच. तिथून मी खोक्यात बसून, नदीवरून बोटीने बेलें शहरात आलो. ग्वामा वस्तीतल्या जेरसनने मला विकत घेतलं. जेरसन बस चालवतो. पहिल्या दिवशी त्याने मला शर्टाच्या बाहीने इतक्या वेळा पुसलं की मला लाज वाटली. पुढे त्याला दुसरा फोन मिळाला आणि त्याने मला त्याच्या बायकोच्या, एदिलामारच्या हाती सोपवलं.

एदिलामारचं असाईचं दुकान आहे. फळं यंत्रात घालायची, दाट जांभळा रस काढायचा आणि रस तयार झाला की दारावर लाल फडकं लावायचं. फडकं दिसलं की गल्ली भांडी घेऊन धावत येते. मी यंत्राशेजारच्या फळीवर बसून गिऱ्हाइकांचे निरोप घ्यायचो. "माझा फोन म्हणजे माझा उजवा हात," असं ती चारचौघांत म्हणायची. ते ऐकून मला किती बरं वाटायचं म्हणून सांगू! मग तिलाही नवा फोन मिळाला. मी फळीवरच राहिलो, पण आता माझ्यावर लिंबांची पिशवी ठेवत असत.

मला पुन्हा उजेडात आणलं जेरसननेच. एका रविवारी त्याने माझ्यात एक नवा प्रोग्रॅम घातला. हा प्रोग्रॅम म्हणजे मोठा बहुरूपी. टीव्हीला जोडायची जुनी व्हिडिओ गेमची यंत्रं असत ना, त्यांचं सोंग तो हुबेहूब घेतो. मात्र त्याच्याकडे स्वतःचे खेळ नसतात. ते आपण शोधून आणायचे, एका कप्प्यात ठेवायचे आणि तो कप्पा त्याला दाखवायचा. जेरसनने उड्या मारायचा खेळ आणला, गाड्यांचा आणला, मारामारीचा आणला. एकेक खेळ माझ्या पोटात उतरला की काचेवर त्याचं छोटं चित्र उमटे आणि जेरसन लहान मुलासारखा ओरडे. मी आता फुकटची अडगळ राहिलो नव्हतो, मित्रांनो. मला आता काम होतं.

आता एदिलामारच्या बाबांची ओळख करून देतो. त्यांचं नाव ओदिवाल्दो. आज जिथे असाईचं यंत्र घरघरतं, तिथेच त्यांनी पूर्वी गेमचं दुकान चालवलं होतं. भिंतीला लावून टीव्ही मांडलेले, समोर लाकडी बाकं, आणि तासावर खेळायला आलेली सगळ्या वस्तीची पोरं. सगळ्यांत जास्त मारामारी फुटबॉलच्या खेळासाठी होई. तो खेळ परदेशातला. त्यात ना आपले संघ, ना आपले खेळाडू. म्हणून त्या काळी इथे सगळेच एक करायचे. खेळात खेळाडूंची नावं बदलायची सोय होती, तिथे जाऊन आपल्या माणसांची नावं घालायची. पोरांनी भराभर स्वतःची नावं घालून टाकली.

पोरींना कोण विचारतो? चर्चमागच्या मैदानावर पोरांचंच राज्य होतं. चेंडू गटारात गेला की तो काढून आणायला तेवढ्या पोरी लागत. ओदिवाल्दोबाबांना हे बघवलं नाही. त्यांनी एक अख्खा संघ गल्लीतल्या पोरींच्या नावाने केला. गोलमध्ये सोकोर्रो, नऊ नंबरला त्यांची स्वतःची एदिलामार आणि सात नंबरला तिची जिवाभावाची मैत्रीण इव्हानेते. पोरं आधी पोट धरून हसली. मग त्या संघाकडून मार खाऊ लागली, तेव्हा गप्प बसली.

इव्हानेते आज नाही. तिची लेक ल्युसिएने अंगावर पीत होती तेव्हाच ती तापाने गेली. मुलीला तिच्या वडिलांकडच्या माणसांनी दूर सांतारेंला नेऊन वाढवलं. आता ती मोठी झाली आहे, तिथल्या दवाखान्यात काम करते. यंदा सिरिओच्या, म्हणजे बेलेंच्या मोठ्या मिरवणुकीच्या सणाला ती त्यानंतर पहिल्यांदाच इकडे येणार होती. फोनवर एदिलामार तिला म्हणाली, "तुझी आई म्हणजे ग्वामाची सगळ्यांत वेगवान खेळाडू होती, माहितीये?"

"मावशी, पुरे गं," पलीकडून ल्युसिएने म्हणाली. "आई देखणी होती, आई गोड होती, आई देवमाणूस होती. सगळे हेच सांगतात. मला तिचा एक ओळखपत्रावरचा फोटो सोडला तर काही ठाऊक नाही. आणि आता म्हणे फुटबॉल!"

"बरं बाई, नको विश्वास ठेवूस. ये तू. डोळ्यांनी दाखवते."

फोन ठेवल्यावर एदिलामारने मला उचललं. मग नवऱ्याला म्हणाली, "जेरसन, तो फुटबॉलचा खेळ या जुन्यात घालता येईल का रे?"

"अगं दोन मिनिटांचं काम!" जेरसन म्हणाला, आणि खरंच त्याने तो खेळ शोधून माझ्यात घातला. सगळे माझ्याभोवती जमले. खेळ सुरू झाला, शिट्टी वाजली, आणि संघांची यादी आली. कुठल्या कुठल्या परदेशी माणसांची नावं होती ती.

"पोरी कुठायत?" एदिलामार म्हणाली.

ओदिवाल्दोबाबा हसले. "वेडे, हा दुकानातून आणल्यासारखा कोरा खेळ. आपल्या पोरी आपल्या दुकानातल्या जुन्या कॅसेटमध्ये आहेत. तिच्या आत एक बारकी बॅटरी असते, ती नावं सांभाळते. तिच्यात जीव असेल तर पोरी असतील."

बाबांनी ती कॅसेट बिस्किटांच्या डब्यात जपून ठेवली होती. पण ती ज्यात घालून चालवायची, ते यंत्र केव्हाच बिघडलं होतं.  जेरसन नुसता मान हलवत राहिला, आणि तो असा मान हलवतो तेव्हा घरात हमखास काहीतरी घोटाळा होतो.

सणाच्या आदल्या आठवड्यात एके दुपारी एदिलामारने डबा उघडला तर कॅसेट नाही. तेवढ्यात जेरसनची बस गल्लीच्या तोंडाशी आली. एदिलामार मला एप्रनच्या खिशात कोंबून, बाबांचा हात धरून बसमध्ये चढली.

"कॅसेट कुठंय?"

"अरेच्चा, कळलं का?" जेरसन आरशातून हसत म्हणाला. "तुला चकित करणार होतो. बाजारामागे बिरा बसतो ना दुरुस्तीवाला, त्याच्याकडे दिलीये. म्हटलं बॅटरी जुनी झालीये, नवी घाल!"

ओदिवाल्दोबाबांनी पुढच्या सीटची दांडी घट्ट धरली. "अरे गाढवा! जुनी काढली की नावं गेली! नवी बॅटरी काय, कोरी पाटी!"

जेरसनचा चेहरा उतरला. "पण बाबा, बॅटरी गेली की सगळे बदलतातच की."

"सगळे घड्याळाची बदलतात! तू माझ्या पोरी पुसायला निघालास!"

"कधी बदलणार म्हणाला तो?" एदिलामारने विचारलं.

"पावसानंतर."

मित्रांनो, बेलेंमध्ये दुपारी पाऊस येतोच, आणि इथली माणसं घड्याळापेक्षा त्याच्यावर जास्त चालतात. कुणी पावसाआधी भेटतो, कुणी पावसानंतर. सगळ्या बसने खिडकीबाहेर पाहिलं. आभाळ काळं झालं होतं, पण थेंब पडला नव्हता. त्या दिवशी पावसाला उशीर झाला होता.

"ड्रायव्हर, दाब की जरा!" मासळीची टोपली घेऊन बसलेली बाई म्हणाली.

"मावशी, थांबे आहेत मधे. थांबलो नाही तर नोकरी जाईल."

"बायको जाईल त्याचं काय?" मागून कोणीतरी म्हणालं, आणि बस हसली. एदिलामार मात्र हसली नाही. तिची बोटं माझ्यावर इतकी आवळली होती की माझं रबरबँडने धरलेलं झाकण करकरलं. मला फार वाईट वाटलं. जगातला कुठलाही खेळ माझ्या पोटात मावतो, पण त्या एका बाईचं नाव मी कुठून आणणार होतो?

अर्ध्या वाटेत पाऊस कोसळला. इतका वेळ पाऊस येऊ नये म्हणणारी सगळी बस आता उलटं मागणं मागू लागली, की तो लवकर थांबू नये. बाजाराशी उतरून बापलेक चिखलातून पळत बिराच्या टपरीत शिरली तेव्हा पत्र्यावर धाडधाड पाणी पडत होतं. बिरा स्टुलावर बसून, दोन्ही हातांनी वाडगा धरून तकाकाचं गरम सूप पीत होता. कॅसेट त्याच्या टेबलावर होती. तिचा एकही स्क्रू हलला नव्हता.

"हात लावू नकोस!" ओदिवाल्दोबाबा ओरडले.

"कशाला लावतोय?" बिरा दचकून म्हणाला. "पाऊस तरी थांबू द्या की. मी पावसानंतर म्हटलं होतं."

एदिलामार खाली बसली आणि हसायलाच लागली. हसता हसता तिच्या डोळ्यांतून पाणी येत होतं. सगळी हकिकत ऐकल्यावर बिराने वाडगा बाजूला ठेवला. कॅसेटमधली साठवण वाचायची एक डबी त्याच्याकडे होती. त्याने ती जोडली, आणि वायरीतून एक फाइल माझ्यात उतरली.

काय सांगू तुम्हाला! ती फाइल अगदी एवढीशी होती. एदिलामार आपल्या बदकांचे फोटो काढते, त्यातल्या एका फोटोपुढेही ती चिमूटभर. बिराने खेळाचं जे नाव तेच त्या फाइलला दिलं आणि तिला खेळाच्या शेजारी ठेवलं. नाहीतर आमचा बहुरूपी तिच्याकडे ढुंकूनही पाहत नाही. मग खेळ सुरू केला. शिट्टी वाजली. यादी आली, आणि त्या यादीत सगळ्या पोरी होत्या.

ओदिवाल्दोबाबांनी नाकाला लावून मला पाहिलं. एकेक नाव ते हळूहळू वाचत गेले. सातव्या नावाशी थांबले आणि मला एदिलामारच्या हातात दिलं.

सणाच्या दिवशी मिरवणुकीतून सगळे घामाघूम होऊन परतले. टेबलावर तुकुपीच्या पिवळ्या रश्शातलं बदक वाफाळत होतं. ल्युसिएने खुर्चीच्या कडेवर बसली होती. ती सगळ्यांशी नीट बोलत होती, पण परक्या घरी बोलतात तशी. आईचा विषय निघाला की ती ताटाकडे पाही. जेवण अर्धं झालं तेव्हा एदिलामारला राहवलं नाही. तिने मला ल्युसिएनेच्या हातात दिलं.

"हा? याची काच फुटलीये, मावशी."

"काचेत काय बघतेस? नावं वाच."

ल्युसिएने वाचू लागली. सातव्या नावाशी तिचं बोट थांबलं आणि तिथेच राहिलं.

"खेळ की!" जेरसन म्हणाला. "आईला पळव!"

तिला काहीच खेळता येत नव्हतं. ओदिवाल्दोबाबा शिकवायला गेले, तर त्यांना काचेवरची बटणं बोटाला लागेनात. "हे बटण आहे की बटणाचा फोटो?" ते वैतागले. अखेर तिचं तिलाच जमलं. सात नंबरकडे चेंडू आला, आणि सात नंबर सुटली! एकाला मागे टाकलं, दुसऱ्याला टाकलं, सगळे मागे राहिले. समोर एकटा गोलकीपर. ल्युसिएनेने बटण दाबलं आणि चेंडू गोलच्या कितीतरी वरून गेला.

"माझं चुकलं," ती म्हणाली.

"तुझं नाही गं!" एदिलामार टेबलावर थाप मारून हसली. "तुझी आई अशीच! पळायची अशी की कुणाच्या हाती लागायची नाही, आणि गोल समोर आला की चेंडू थेट पाद्रीबुवांच्या अंगणात! पाद्रीबुवांची दोन कौलं फोडलीत तिने!"

ल्युसिएनेने ओदिवाल्दोबाबांकडे पाहिलं. "आजोबा, तुम्ही मुद्दाम तसं केलंत?"

"प्रत्येक खेळाडूला वेग किती, नेम किती, ते मीच भरलं होतं," बाबा म्हणाले. "वेग पुरता दिला, कारण तो तिच्यात होता. नेम नव्हता, तर खोटं कशाला भरू? अन् रागीटही होती हो. चुकलं की चपला फेकायची."

"चपला फेकायची?"

"एकदा मला लागली."

ल्युसिएने हसली. घरात आल्यापासून ती पहिल्यांदा मनापासून हसली, आणि खुर्चीत नीट मागे टेकून बसली. मग तिने मला सोडलंच नाही. बदक गार झालं, माझी बॅटरी संपत आली, जेरसनने चार्जरची वायर तिच्या मांडीपर्यंत ओढून आणली. ती पुन्हा पुन्हा सात नंबरला पळवत होती, आणि चेंडू पुन्हा पुन्हा बाहेर जात होता. शेवटी एकदा तो खांबाला लागून परत आला, तेव्हा ती माझ्या फुटक्या काचेवर ओरडली, "अगं आई, बघून मार ना जरा!"

 त्या पोरीने आजवर कुणालाही त्या नावाने हाक मारली नव्हती. एदिलामारने पदार्थ वाढायचा डाव खाली ठेवला आणि डोळ्यांना एप्रन लावला.

जाताना ल्युसिएनेने ती एवढीशी फाइल स्वतःच्या फोनमध्ये घेतली. माझ्यातही ती आहेच. माझ्यावर आता कुणी लिंबं ठेवत नाही. पण मित्रांनो, मी काही कायमचा टिकणार नाही. तुमच्याही घरात कुठे ना कुठे बंद पडलेलं, फुटलेलं, कळकट असं काही असेल. ते स्वच्छ करायला किंवा टाकून द्यायला निघालात, की आधी घरातल्या म्हाताऱ्या माणसाजवळ जाऊन बसा आणि एवढंच विचारा, "यात कोणी आहे का?"