भंडारा उचलल्यावर

मित्रांनो, मी एक जुनी काळी घोंगडी आहे. माझ्यावर बसायला मिळालं की माणसाला काय काय मिळतं, ते आधी सांगते. पंचांच्या मांडीला मांडी लागते. पानाची चंची त्याच्यापुढं आधी सरकते. लोक लेकीची सोयरीक त्याला विचारून ठरवतात, आणि त्याच्या खोकल्यालाही अर्थ येतो. निंबर्ग्याच्या धुळाप्पाला हे सगळं हवं होतं. आड येत होती फक्त त्याची बहीण.

ती पद्माबाई. माझी लोकर तिनंच कातली. विणून झाल्यावर चिंचोक्याची खळ पिऊन मी ताठ झाले आणि पंचांसाठी राखून ठेवली गेले. कातणारीला मात्र माझ्यावर बसायची मुभा नव्हती. रीतच तशी.

मोगलाईचे, म्हणजे निजामाच्या राज्याचे दिवस होते. पद्माबाई खजुरीच्या सासरहून पाठीवर वळ घेऊन माहेरी आली, ती राहिलीच. पंच धुळाप्पाला म्हणाले, "नांदती बहीण घरात बसवलास, आन् वर घोंगडीवर बसायला यायलास व्हय?" लोक हसले. ते हसू त्याला फार लागलं.

मग बैठक बसली. पद्माबाईचा नवरा शिवाप्पा आला. देवाची हळद, म्हणजे भंडारा, माझ्यावर ठेवला होता. तो उचलून त्यानं शपथ घेतली, "हात उगारनार न्हाई."

पद्माबाई दारातून म्हणाली, "अण्णा, धाडू नकोस मला. मारून टाकंल त्यो."

"भंडारा उचललाय की त्यानं! देवापरीस शानी झालीस व्हय?"

ती गेली. धुळाप्पाला माझ्या कोपऱ्यावर जागा मिळाली. कोपराच, पण बसला असा, की सगळ्या गावाची मेंढरं त्याचीच.

पुढं खजुरीहून कासारीण भागम्मा आली. पद्माबाईच्या आईला, रेणुकाबाईला, म्हणाली, "अक्का, लेकीचा हात मोडलाय तुमच्या. बांगडी चढंना."

रेणुकाबाई लेकाच्या मागं लागली. "बघून तरी ये की रं."

"जाऊन काय इच्यारू? भंडारा खोटा हाय का म्हून? पंच उठवतील मला."

चूक इथं झाली, मित्रांनो. शपथ घेतली मारणाऱ्यानं आणि तोंड बंद झालं विचारणाऱ्यांचं.

सुगीत निरोप आला, विहिरीवर पद्माबाईचा पाय घसरला, ती बुडून मेली. पंच माझ्यावर बसले आणि "घसरला" म्हणून उठायला लागले. तेवढ्यात रेणुकाबाई म्हणाली, "मोडल्या हातानं पानी वढायला कुनी धाडलं तिला?"

कुणीतरी चंची पुढं सरकवली.

त्यानंतर रेणुकाबाई एकटीच जेवायची. थंडीत कुडकुडायची, पण मला अंगावर घेत नसे. पुढं मोगलाई गेली, ते पंचही गेले. मला आता कसर लागली आहे. कुणी अंथरत नाही, कुणी झटकत नाही. लोकरीत पद्माबाईच्या बोटांचा पीळ तेवढा आहे. त्याच्याशी किती बोलणार?

मित्रांनो, मला ऊन दाखवा, असं मी म्हणत नाही. घरातली कुणी "मला परत धाडू नका" म्हणाली, तर मारणाऱ्याची शपथ बाजूला राहू द्या, तिचं ऐका. आणि सासरी परत गेलेलीला बघायला जा, कितीही वाईट दिसलं तरी जा.

आता कुणाच्या पदरात काय पडलं, ते सांगते. शिवाप्पानं दुसरी बायको केली. पंचांचा शब्द राहिला. धुळाप्पा कोपऱ्यावरून मध्ये सरकला. घराण्याची अब्रू म्हणतात, ती सगळ्यांनी वाटून घेतली. तिचं मोल मात्र भरलं पद्माबाईनं, एकटीनं.