दुसऱ्यांचे कपडे

कपड्यांवरून आपल्याला माणूस ओळखता येतो, असा लाँड्रीवाल्याला भारी तोरा होता. पण नको त्या जागी बारीक फोड उठले, तेव्हा या शहाण्याने बरेच दिवस डोळ्यांवर कातडं ओढून घेतलं. मग पायाच्या कुरुपाचं औषध लावून कातडी भाजून घेतली आणि अखेर नाइलाजाने दवाखान्याची पायरी चढला.

डॉक्टरबाईंनी दिव्याखाली नीट पाहिलं. "चामखीळ आहेत. विषाणूमुळे होतात. जिवाला धोका नाही, पण ते कुरुपाचं औषध फेकून द्या. जखम भरली की गोठवून काढू. पुन्हा येऊ शकतात, तेव्हा पुन्हा काढावे लागतील."

"कशाने झाले असतील?"

"संबंधातून. कातडीला कातडी लागून. कधी लागले ते मात्र सांगता येत नाही, महिने जातात, कधी वर्षंही."

त्याला मात्र सांगता आलं असतं. मागे तो दुकानासाठी धुलाईचं मशीन पाहायला परगावी गेला होता आणि तिथे शेण खाऊन आला होता.

"कपड्यांतून होत असेल का हो?" त्याने चाचरत विचारलं.

"कपड्यांवर खापर फोडू नका. बायकोला घेऊन या, त्यांनाही तपासायला हवं. आणि घरात मुलं असतील तर वेळेवर लस द्या, म्हणजे त्यांच्यावर ही पाळी यायची नाही."

घरी बायकोच्या हाती जखमेचं मलम लागलं. "हे कसलं?" तिने विचारलं.

"गिऱ्हाइकांच्या कपड्यांतून काहीतरी आलंय, डॉक्टरबाई म्हणाल्या." थाप इतकी चटकन सुटली की त्याचं त्यालाच नवल वाटलं.

तिचा विश्वास बसला. दुसऱ्या दिवसापासून ती कपडे उकळत्या पाण्यात टाकू लागली आणि काढता काढता हात पोळून घेऊ लागली. मुलीचे कपडे वेगळ्या बादलीत गेले. मग हे आणलं कुणी, याचा शोध सुरू झाला, आणि तिचा संशय वरच्या मजल्यावरच्या गाण्याच्या बाईंवर जाऊन बसला. त्या एकट्या राहायच्या, उशिरा घरी यायच्या. तेवढं पुरलं.

"तुमचे कपडे आता जमणार नाहीत," असं म्हणत तिने बाईंचं गाठोडं परत केलं.

"माझं काही चुकलं का?" बाईंनी विचारलं.

लाँड्रीवाला मान खाली घालून एकच बाही पुन्हा पुन्हा इस्त्री करत राहिला. बाई गाठोडं उचलून जिना चढल्या. त्याला स्वतःची किळस आली.

दुपारी शटर अर्धं ओढून दोघं बसली होती. बायको हळूच म्हणाली, "अहो, एक सांगू? रागावू नका. मलाही तसेच फोड आलेत. तुमचं मलम दिसलं त्याच्याही आधीपासून. लाजेने बोलले नाही. मळके कपडे मीच निवडते ना, म्हणजे आधी मला झालं आणि माझ्यामुळे तुम्हाला. मला माफ करा."

आयती सुटका समोर चालून आली होती.

"असू दे," तो म्हणाला. "मी नाही रागावलो."

तिने पदराने डोळे पुसले आणि आपला पोळून लालबुंद झालेला हात त्याच्या गुडघ्यावर ठेवला. ते काही त्याला सोसवेना.

"कपड्यांचं काही नाही गं. तुझंही नाही. मीच आणलं. मशीन पाहायला गेलो होतो तेव्हा."

तिने हात काढून घेतला.

"डॉक्टरबाईंनी मला बोलावलं होतं?"

"हो. पहिल्याच दिवशी."

"आणि आत्ता तुम्ही मला माफसुद्धा केलंत."

तिने चपला पायात सरकवल्या.

"मी दवाखान्यात जाते. एकटी जाईन. तुम्ही वर जा आणि बाईंकडून कपडे मागून आणा."

"त्यांना काय सांगू?"

"ते तुमचं तुम्ही बघा," ती शटरखालून वाकून बाहेर पडत म्हणाली. "खोटं सांगताना मला विचारलं नव्हतंत."