टोपणभर व्हिनेगर

धाकटीनं आयुष्यात पहिल्यांदा जाणूनबुजून खोटं लिहिलं ते कांद्याच्या सुपाच्या कृतीत. पान सत्तेचाळीस. सहा मोठे कांदे, दोन चमचे लोणी, चार पेले पाणी आणि शेवटी अर्धी वाटी व्हिनेगर. आता ज्याला स्वयंपाकातलं ओ की ठो कळत नाही अशा माणसाला विचारा, चार पेले पाण्यात अर्धी वाटी व्हिनेगर ओतलं तर सूप होईल की फरशी पुसायचं पाणी. खरं माप होतं बाटलीचं एक टोपण. झोपेतून उठवून विचारलं असतं तरी तिनं सांगितलं असतं. तरीही तिनं अर्धी वाटी लिहिलं, छापण्याआधी पानं तीनदा तपासली, तीनदा ती चूक डोळ्यांसमोरून जाऊ दिली, आणि पुस्तक बाजारात आल्यावर टीव्हीवर तेच सूप करून दाखवताना गोड हसून "अर्धी वाटी" असंच म्हणाली.

हा सगळा खटाटोप एका माणसासाठी. त्यानं फोन उचलावा, तिचा नंबर फिरवावा आणि "चुकलीस" म्हणावं. बस, एवढंच.

तो माणूस म्हणजे तिचा दादा. दादा व्हायोलिन वाजवायचा, ही पियानो. तीस वर्षं दोघं जोडीनं वाजवत होती आणि लोक त्यांना थोरला-धाकटी म्हणूनच ओळखायचे. पन्नाशी उलटून चार वर्षं झाली तरी बाई धाकटीच राहिली. दादाचा कान म्हणजे काय सांगावं. ही लहानपणी पलीकडच्या खोलीत सराव करायची आणि हा न्हाणीघरात दात घासत असायचा, पण हिचं बोट एका पट्टीनं इकडं-तिकडं झालं की तोंडात फेस घेऊन तिथूनच ओरडायचा, "चुकलीस". तिला त्याचा असा संताप यायचा की पियानोचं झाकण त्याच्या डोक्यात घालावं.

पण मोठेपणी त्याचीच गंमत झाली. भावंडं म्हटल्यावर भांडणं आलीच, आणि ही दोघंही नाकावर माशी बसू न देणारी. अबोला धरला की चार-चार दिवस. आधी बोलायचं कोणी, हा प्रश्न. मग धाकटीनं एक युक्ती काढली. सरावाला बसायचं आणि ठरवून एक सूर चुकीचा वाजवायचा. दादा कितीही फुगून बसलेला असो, ते त्याला सहन व्हायचंच नाही. "चुकलीस," म्हणून तो यायचाच, आणि एकदा तोंड उघडलं की भांडण संपलं. ती मुद्दाम चुकते हे त्याला ठाऊक होतं आणि त्याला ठाऊक आहे हे तिला. तीस वर्षं या एका चुकीवर घर सुरळीत चाललं होतं.

सहा वर्षांपूर्वी मात्र बिनसलं ते बिनसलंच. त्या वर्षी दादा वरचेवर गडबड करायला लागला होता. कुठं अर्धा ठेका उशिरा यायचा, कुठं व्हायोलिन जुळवतानाच उतरलेली ठेवायचा. शेवटच्या कार्यक्रमात तर त्यानं दोनदा तिला तोंडघशी पाडलं. पडदा पडला आणि धाकटीचा तोल सुटला. आयोजक उभे, गाणारी मंडळी उभी, आणि सगळ्यांच्या देखत ती म्हणाली, "इतकं बेसूर वाजवायला लाज कशी वाटत नाही तुला?"

दादानं तिच्या तोंडाकडे नीट पाहिलं. मग व्हायोलिन पेटीत ठेवली, पेटीच्या दोन्ही कड्या लावल्या आणि निघून गेला. त्यानंतर त्याचा आवाज तिनं ऐकला नाही. दोनदा तिनं फोनही केला होता. वाजून वाजून बंद पडला. म्हणजे उचलायचाच नाही असं ठरवलंय, असं समजून तिनंही कानाला खडा लावला. वहिनीला मध्ये घालायचं तिच्या स्वभावात नव्हतं. आपण चुकलो हे कळायला तिला आठवडाही लागला नाही, पण ते तोंडानं म्हणणं तिला जमायचं नाही.

एकटीनं पियानो वाजवायला तिला आवडायचं नाही. पोटासाठी काहीतरी हवं म्हणून टीव्हीवरच्या एका सकाळच्या पाककृतींच्या कार्यक्रमात तिनं पडद्यामागं वाजवायचं काम धरलं. बल्लव कढईत काहीतरी टाकणार, ही मागं टिंग टिंग करणार, असं ते काम. वर्षभर केलं. मग एक दिवस कार्यक्रम थेट चालू असताना बल्लवाला चक्कर आली. कॅमेरा चालू, तव्यावर लसूण जळतोय, दिग्दर्शक आ वासून उभा. धाकटी स्टुलावरून उठली, आच कमी केली, जळका लसूण फेकून दिला आणि कॅमेऱ्याकडे बघून लोकांना झापलं, लसूण टाकून कुणी बडबडत उभं राहतं का. लोकांना ते झापणंच आवडलं. पुढच्या आठवड्यापासून कार्यक्रम तिचा. तीन वर्षांनी पुस्तक. मुखपृष्ठावर ती हसतेय, हातात पळी.

लोकांना वाटायचं, काय चंगळ असेल बाईची. आता खरं ऐका. स्टुडिओतलं सगळं रांधलेलं कॅमेरावाले, दिवेवाले आणि रंगभूषावाली मिळून पाच मिनिटांत फस्त करायचे. ही चव बघायलासुद्धा थांबायची नाही. घरी येऊन मोरीपाशी उभ्या उभ्या लोणी लावलेला पाव खायची आणि ताटलीसुद्धा भिजवायची नाही. एका माणसासाठी गॅस काय पेटवायचा. बाहेरच्या खोलीत पियानो होता, त्याच्या बंद झाकणावर पुस्तकांचे गठ्ठे. चार घरांतल्या बायका रस्त्यात अडवून तिला केक का बसतो ते विचारायच्या, पण जेवायला थांब असं म्हणणारं कोणी उरलं नव्हतं. संध्याकाळ झाली की घर खायला उठायचं.

पुस्तक लिहायला घेतलं तेव्हा सुपाची पाळी आली. ते सूप दादाचं. दौऱ्यावर असताना भाड्याच्या खोल्यांत, एका शेगडीवर, चमचे-वाट्या नसताना त्यानं ते बसवलं होतं, म्हणून तर माप टोपणाचं. तिनं "एक टोपण" असं लिहिलं आणि हात थांबला. दादा हे पुस्तक बघणार. कार्यक्रम बघत नसला तरी वहिनी पुस्तक घेणारच. त्याच्या सुपात अर्धी वाटी व्हिनेगर दिसलं तर तो कसा गप्प बसेल? तिनं टोपण खोडलं.

मग पत्रं यायला लागली. एका बाईंनी लिहिलं, पाहुण्यांचे दात आंबले. एका सेवानिवृत्त मास्तरांनी लिहिलं, सूप कुंडीत ओतलं तर झाड मेलं. धाकटी प्रत्येक पाकिटावरचं अक्षर आधी बघायची. दादाचं अक्षर मागं झुकलेलं, लांबूनही ओळखू येणारं. फोन वाजला की हातातलं टाकून धावायची. एकदा चेहऱ्याला साबण लावलेला तशीच धावली, तर गॅसवाला. तीन आठवडे तिचा जीव असा टांगणीला लागलेला होता.

इकडे प्रकाशकाच्या तोंडचं पाणी पळालं. पुस्तक खपलं होतं, दुसरी आवृत्ती शुक्रवारी छापायला जाणार होती, आणि त्याला व्हिनेगरचं खरं माप हवं होतं. चूक कशी राहिली हेही तो विचारत होता, आणि फार सभ्यपणे नाही. तिनं आधी बघते म्हटलं, मग बघतेय म्हटलं, मग फोन कानामागे टाकले. तिचं दुखणं त्याला काय सांगणार? चूक दुरुस्त झाली की तिच्या हातात दुसरं काही राहणार नव्हतं. नवा चुकीचा सूर कुठून आणायचा?

गुरुवारी टपालात वहिनीचं पत्र आलं. उभ्यानंच वाचलं.

"आमच्या शेजारणीनं तुझ्या पुस्तकातलं सूप केलं आणि भांडायला माझ्याकडे आली. तेव्हा मला कळलं, ही चूक तू मुद्दाम केलीस. इतकी वर्षं या घरात आहे मी, मला कळणार नाही तर कोणाला. पण तुझ्या दादाला ती सापडलीच नाही गं. त्यानं पुस्तक उघडलंच नाही. तो तुझा कार्यक्रम बघतो, एकही चुकवत नाही, आणि आवाज बंद ठेवून बघतो, कारण चालू ठेवून उपयोग नाही. सहा वर्षांपूर्वी कान जायला लागले, आता काहीच ऐकू येत नाही. तुला कळलं तर तू त्याच्यासाठी वाजवणं सोडशील, म्हणून त्यानं मला शपथ घातली होती. ती मी आज मोडतेय. त्यानं परवा सूप केलं. टोपणभरच व्हिनेगर घातलं, तू घातलंस तसं. छान झालं होतं."

तू घातलंस तसं. धाकटीनं ते वाक्य पुन्हा वाचलं आणि तशीच चपला घालून स्टुडिओत गेली. एडिटरला म्हणाली, सुपाचा भाग लाव, आणि आवाज बंद कर. तो काही विचारणार होता, पण तिचा चेहरा बघून त्यानं भाग लावला.

पडद्यावर तिचं तोंड हलत होतं. गोड हसून काहीतरी सांगत होती. आणि खाली तिचे हात स्वतःच्याच तंद्रीत होते. उजव्या हातानं बाटली उघडली, डाव्या हातातल्या टोपणात व्हिनेगर काठोकाठ भरलं, पातेल्यात उलटं केलं, टोपण पुन्हा बाटलीवर फिरवलं. मापाची वाटी शेजारी कोरडीच होती. जे ऐकत होते त्या सगळ्यांचं सूप बिघडलं होतं. म्हणूनच त्या दिवशी कॅमेरावाल्यांनी पातेलं पुसून खाल्लं होतं, आणि तिच्या ते लक्षातही आलं नव्हतं. तोंडानं सगळ्या जगाला फसवलं, पण हातांना दादाला फसवता आलं नाही.

मग तिला तो कार्यक्रम आठवला. दादानं तिच्या तोंडाकडे नीट पाहिलं होतं ते का, हे आता कळलं. त्याला वाक्य ऐकू गेलं नव्हतं, ओठांवरून वाचावं लागलं होतं. आणि त्यानं नेमकं तेवढंच वाचलं. धाकटी एडिटरच्या खुर्चीत बसून रडली, चांगली हुंदके देऊन रडली. एडिटर बिचारा पाण्याचा पेला घेऊन उभा राहिला.

शुक्रवारी सकाळी तिनं प्रकाशकाला फोन करून सांगितलं, एक टोपण लिहा. टोपण हे काय माप झालं, वाचकांना कळणार नाही, असं तो म्हणाला. मग एक छोटा चमचा लिहा, म्हणाली, आणि पिशवीत सहा कांदे आणि व्हिनेगरची बाटली घेऊन बसमध्ये बसली.

दार वहिनीनं उघडलं. तिला जवळ घेतलं आणि आत बोट दाखवलं. दादा स्वयंपाकघरातल्या टेबलाशी शेंगा सोलत बसला होता. केस पांढरे झालेले, खांदे उतरलेले. त्यानं मान वर केली आणि तिला पाहिलं. धाकटीनं वाटेत काय काय बोलायचं ठरवलं होतं. त्यातलं एक अक्षर उपयोगाचं नव्हतं. तिनं पदर खोचला, कांदे काढले आणि चिरायला लागली.

कांदे तांबूस व्हायला पाऊण तास लागतो. तेवढा वेळ दादा समोरच्या खुर्चीवर येऊन बसला आणि तिच्या हातांकडे बघत राहिला, पूर्वी तिच्या बोटांकडे बघायचा तसा. वहिनी बाहेर जाऊन बसली. पाणी घातलं, उकळी आली, मीठ पडलं. धाकटीचे डोळे भरले होते, आणि कांद्याचं निमित्त केव्हाच संपलं होतं.

मग तिनं फडताळातून वाटी घेतली. तिच्यात व्हिनेगर ओतलं, बरोबर अर्धी वाटी, त्याला नीट दिसेल असं. वाटी पातेल्यावर नेली, जराशी कलती केली, आणि त्याच्याकडे बघत थांबली.

दादानं उठून तिचं मनगट धरलं.

"चुकलीस," तो म्हणाला. स्वतःचा आवाज ऐकू येत नसल्यानं तो एवढ्या मोठ्यानं म्हणाला की बाहेरून वहिनी धावत आली.

धाकटीनं हो म्हणून मान हलवली, त्याला दिसेल अशी, दोनदा.