चैतालीचं खरं रडणं
आठव्या वर्षी चैताली एका मालिकेत आईवेगळ्या मुलीचं काम करायची आणि घरोघरच्या बायका तिच्याबरोबर रडायच्या. ग्लिसरीन न लावता रडणारी पोरगी म्हणून तिचं नाव झालं होतं. आता ती पस्तिशीची होती, बिबवेवाडीत राहायची, चष्म्याच्या दुकानात काम करायची आणि तिच्या डोळ्यांत पाणी आलं की लोक सावध व्हायचे.

रविवारी सोसायटीच्या मीटिंगमध्ये तिने सांगितलं, जिन्याच्या फरश्या फार निसरड्या आहेत, बदला. सोमवारी सकाळी ती त्याच जिन्यावरून घसरून पडली.

पाय असा ठणकला की तिला रडूच फुटलं. दारं उघडली, पण पुढे कोणी येईना. चेअरमन विश्वजीत शितोळे हाताची घडी घालून वरच्या पायरीवर उभे राहिले.

"काल मुद्दा मांडला, आज प्रात्यक्षिक. वा!"

"अहो, पाय हलत नाहीये माझा!"

"पाणी मात्र अगदी तसंच येतंय हो," शेजारच्या शालूताई कौतुकाने म्हणाल्या. "आधी डावा डोळा, मग उजवा."

तिचा नवरा संतोष धावत खाली आला, वाकला आणि हळूच कानात म्हणाला, "खरंच लागलंय ना?"

चैतालीचं रडणं एकदम थांबलं.

रिक्षात तिने पाय कसाबसा सीटवर घेतला. मग म्हणाली, "मला रडायचा अभिनय कधी जमलाच नाही. शॉटच्या आधी दिग्दर्शक सांगायचे, तुझी आई तुला टाकून घरी गेली. दर वेळी मला खरं वाटायचं."

संतोष तिची पर्स उगाच या हातातून त्या हातात घेत राहिला.

एक्स-रेत घोट्याचं हाड मोडलेलं दिसलं. संध्याकाळी शितोळे विचारपूस करायला आले, म्हणजे चौकशीच करायला आले. चहा नको म्हणाले.

"हल्ली प्लास्टर काय, कुठेही घालून मिळतं," असं म्हणत त्यांनी त्यावर बोटाने टकटक केलं. चैताली कळवळली. शितोळ्यांनी लगेच संतोषकडे पाहिलं, तो गालात हसतोय का ते बघायला.

संतोष हसत नव्हता. त्याने उठून दार उघडलं.

"निघा आपण. हिला जरा रडायचंय."

शितोळे गेले. चैतालीला रडू मात्र आलं नाही. तिने संतोषकडे चहा मागितला, आणि तो पहिल्यांदाच काही न विचारता उठला.