केळ्याच्या भाकरीचं खापर

मित्रांनो, मी एक जुनं खापर आहे. चुलीवर पालथं घालून पुरणपोळी भाजतात ना, ते मातीचं खापर. माझ्या कडेचा एक टवका उडाला आहे. पोट तर इतकं काळं झालंय, की त्यात माती किती आणि काजळी किती हे मलाही सांगता येणार नाही. आपली कहाणी सांगणाऱ्या वस्तू शेवटी 'आम्हाला जपा' म्हणतात. मी ते म्हणणार नाही. का, ते ऐका.

एकोणीसशे एक्कावन्न साली प्रकाशा गावच्या एका कुंभाराने मला घडवलं. माती तापीकाठची. जवळच्याच गावातली दगूबाई बाजाराला आली होती. तिने मला टिचक्या मारून पाहिलं, कानाशी धरलं आणि पसंत केलं. तिच्या घरी मी आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, आणि लग्नकार्याला चुलीवर चढायचो, माझ्या पाठीवर हातभर रुंद पोळ्या भाजल्या जायच्या. एरवी वर्षभर परसातल्या भिंतीला टेकून ऊन खात बसायचं. काम थोडं आणि मान मोठा, असे माझे दिवस होते.

दगूबाईचे मालक उखाआबा. नदीकाठी त्यांचा केळीचा मळा होता. माणूस धिप्पाड, पण छप्पन्न सालच्या हिवाळ्यात वाळायला लागला. सारखी तहान, सारखं परसात जाणं. ते भिंतीच्या ज्या कोपऱ्यात लघवीला बसत, तिथे मुंग्यांची रांग लागू लागली. मी शेजारीच असल्याने ती रांग सगळ्यांआधी मी पाहिली.

मुलगा दोधू त्यांना शहाद्याच्या डॉक्टरकडे घेऊन गेला. मधुमेह निघाला. परत आल्यावर दोधूने पथ्य सांगितलं आणि दगूबाईने ते बोटांवर मोजून पाठ केलं. साखर बंद, गूळ बंद, उसाचा रस बंद, भात बंद. जाडंभरडं धान्य खायचं.

उखाआबा गोडाचे भोक्ते. तीन दिवस कोरडी भाकर चघळून चौथ्या दिवशी ते ताटावरून उठले. दगूबाई परसात आली आणि सुनेला, शोभाबाईला, म्हणाली, "साखर नको, गूळ नको, रस नको, भात नको. पन केळानं नाव तं डॉक्टरनी लिधंच नही."

तुम्ही हसू नका. त्या घरात केळं हे कधी गोडधोड नव्हतंच. ते पीक होतं. गाडीत भरायचं, गुरांना सालं घालायची, रडणाऱ्या पोराच्या हातात द्यायचं. साखर दुकानातून येई, केळं अंगणातून येई. घरचं अन्न घरच्या माणसाला बाधेल, हे तिच्या मनात कसं यावं?

तिने दादर ज्वारी, नागली आणि गहू जात्यावर भरड दळले, कोंडा चाळला नाही. साल काळी पडलेली केळी त्यात कुस्करली, ताक घातलं आणि दुपारपर्यंत झाकून ठेवलं. मग तिने मला उचललं आणि पहिल्यांदाच उताणं केलं. पोटात केळीचं पान अंथरलं, त्यावर ते पीठ थापलं, वर दुसरं पान, त्यावर लोखंडी परात आणि परातीत निखारे. खालून आच, वरून आच. थोड्या वेळाने असा वास सुटला, की उखाआबा बोलावल्याशिवाय चुलीपाशी येऊन बसले. त्या दिवशी ते पोटभर जेवले. दगूबाईने पदर डोळ्यांना लावला, आणि मला वाटलं, माझ्या जन्माचं सार्थक झालं.

पुढे रोज तेच सुरू झालं. गावातल्या बायका शिकायला येऊ लागल्या. साखरेचा कण नाही, तेलाचा थेंब नाही, सगळं धान्य कोंड्यासकट, अशी ती भाकर सगळ्यांच्या तोंडी झाली. दगूबाईचं कौतुक झालं, माझंही झालं. मी फुगून गेलो होतो, हे कबूल करतो. पण उखाआबा वाळतच होते. ते वाळले की दगूबाई भाकर आणखी मोठी थापायची. भिंतीपाशी मुंग्या वाढत होत्या.

अठ्ठावन्न साली ते पुन्हा डॉक्टरकडे गेले, या वेळी शेजारच्या नथ्थूबरोबर. दोघे बालमित्र. परतल्यावर दोघे परसात माझ्याजवळच टेकले. दगूबाई आत चूल पेटवत होती. उखाआबा हलक्या आवाजात म्हणाले, "डॉक्टरनी इचारं, काय खातस? मी सांगं. तो म्हने, केळं म्हंजे साखरच शे, आजपाईन बंद."

नथ्थू उठायलाच निघाला, दगूबाईला सांगायला. उखाआबांनी त्याचा हात धरला. "तिले सांगू नको. दोन वरीस तिनी मन्हासाठे येवढंच करं. आते तिले काय सांगू, का तूच माले मारी ऱ्हायनी?"

त्यांनी नथ्थूला शपथ घातली. दगूबाईने हाक मारली तसे उखाआबा आत गेले आणि भाकर खाल्ली. नेहमीसारखी वाखाणून खाल्ली. माझ्या पोटात त्या दिवशी जी आग होती ती चुलीची नव्हती, मित्रांनो. मला तोंड असतं तर मी ओरडलो असतो. फार तर तडकता आलं असतं, पण कुंभाराने मला भलतंच मजबूत भाजलं होतं.

पुढच्या वर्षी त्यांच्या पायात काटा मोडला. जखम भरली नाही, पाय काळा पडला. धुळ्याला नेईपर्यंत उशीर झाला आणि उखाआबा गेले.

सुतक फिटलं की घरातली मातीची भांडी बाहेर फेकायची, ही आमच्याकडची रीत. माठ फुटले, गाडगी फुटली. मी माझ्या पाळीची वाट पाहत होतो, अगदी मनापासून. पण दगूबाईने मला पदराखाली घेतलं आणि कडब्याच्या गंजीत लपवलं. शोभाबाईने पाहिलं, तेव्हा ती म्हणाली, "हाई मी टाकाव नही. यान्हामाच त्यास्ना शेवटला घास शिजेल शे."

नथ्थू दिवसकार्याला आला होता. दोनदा तिच्यासमोर बसला, दोनदा नुसतं पाणी पिऊन उठला. तीन वर्षांनी तोही गेला. आता ती गोष्ट जाणणारा जगात मी एकटाच उरलो आहे.

आज सदुसष्ट साल आहे. दोधूच्या कानशिलांवर केस पिकू लागले आहेत. गेल्या महिन्यात तो आईला म्हणाला, "माय, कितलं बी पानी पी, तहान जात नही." दगूबाईने त्याच्याकडे नीट पाहिलं आणि तिचा चेहरा उतरला. डॉक्टरकडे जायच्या आधीच तिने घरातली साखर आणि गूळ शेजारी देऊन टाकला. त्याच्या बापाचं पथ्य तिला अजून पाठ आहे. मग ती कडब्याच्या गंजीकडे गेली, मला बाहेर काढलं, धुतलं आणि ऊन द्यायला भिंतीशी ठेवलं. भिंतीच्या त्या कोपऱ्यात मुंग्या आहेत.

मित्रांनो, मला जपू नका. तुमच्यापैकी कोणी या वाटेने आलं तर मला उचला आणि दगडावर आपटा. पण तेवढ्याने भागणार नाही. मी फुटलो तर ती प्रकाशाहून दुसरं खापर आणील. म्हणून आधी तिच्याजवळ बसा आणि सांगा, दोधूला केळं देऊ नकोस. एवढंच सांगा. उखाआबांचं नाव काढू नका.

अर्थात, नाव न काढून काय होणार? दगूबाई शहाणी बाई आहे. दोधूला केळं बाधतं हे ऐकलं की बाकीचं तिचं तिला कळेल.

तरीही सांगा, आणि लवकर सांगा. चूल पेटली आहे आणि ती केळी सोलायला बसली आहे.